भट्टी खचली त्या दिवशीची फेरी

जुन्या शहराच्या तटबंदीच्या आत असं एकही घर नव्हतं, ज्याच्या स्वयंपाकघरात मीटरवहिनी गेल्या नव्हत्या. पाण्याचे मीटर वाचायची त्यांची नोकरी. मीटर असायचे मोरीपाशी, ओट्याखाली, नाहीतर पिंपामागच्या अंधाऱ्या कोपऱ्यात. वहिनी वाकून आकडा वाचायच्या आणि सरळ होता होता चुलीवर काय चढलंय ते बघून घ्यायच्या. आकडा कार्यालयात देऊन त्या मोकळ्या व्हायच्या, पण वास डोक्यात राहायचे. कुणाच्या घरी कांदा जास्त परततात, कुठल्या सुनेच्या हाताला चव आहे, कोणत्या कारागिराच्या घरात माणसांपेक्षा पत्र्याचे तुकडे जास्त आहेत, हे सगळं त्यांना तोंडपाठ होतं. त्यांच्या नवऱ्याचे मित्र त्यांना वहिनी म्हणायचे. त्यांचं ऐकून सगळं शहरच म्हणायला लागलं. त्यांच्याहून वयाने मोठी माणसंसुद्धा.

मग आपले आकडे आपणच कळवणारे मीटर आले आणि वहिनींना घरी बसायची वेळ आली. बसणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. आठवडाभर त्यांनी घरातली कपाटं लावली. शेवटी नवराच हात जोडून म्हणाला, "अगं, तू बाहेर कुठेतरी जा. मला माझे मोजे सापडेनासे झालेत."

वहिनी बाहेर पडल्या त्या अशा की, पाहुण्यांना शहर दाखवायला लागल्या. शहर दाखवणारे बरेच होते. ते बुरूज दाखवायचे, घड्याळाचा मनोरा दाखवायचे, कुठल्या राजाने कुठल्या राजाला कुठे कोंडलं होतं ते सांगायचे. वहिनींना राजांमध्ये रस नव्हता. त्या म्हणायच्या, "राजे मेले. भट्टीवाला जिवंत आहे, चला त्याच्याकडे." लोकांना त्या पाव भाजताना दाखवायच्या, तांब्याचं भांडं ठोकताना दाखवायच्या, वेताच्या खुर्च्या विणणाऱ्या बायकांच्या ओसरीवर बसवून चहा पाजायच्या. बोलता बोलता लोकांना शहर कळायचं, आणि पोटही भरायचं.

या फेरीची कीर्ती हळूहळू एका मोठ्या प्रवासी कंपनीच्या कानावर गेली. आमच्या एक बाई येऊन बघून जातील, पसंत पडलं तर आमचे प्रवासी तुमच्याकडे पाठवू, असा फोन आला. नवऱ्याला घाम फुटला. वहिनी म्हणाल्या, "बघू देत की. मी काय नवरीमुलगी आहे?"

ठरल्या दिवशी सकाळी वेशीच्या कमानीखाली तीन माणसं उभी होती. एक कंपनीच्या बाई, पायात दणकट बूट आणि हातात फोन. दुसरे एक दातांचे डॉक्टर, आणि तिसऱ्या त्यांच्या सासूबाई. डॉक्टरांच्या बायकोला ऐन वेळी काम निघालं होतं, म्हणून जावई आणि सासू अशी जोडी आली होती. डॉक्टर उपाशीपोटी आले होते, कारण फेरीत खायला मिळतं असं त्यांनी ऐकलं होतं. ते त्यांनी वेशीपासून पहिल्या वळणापर्यंत तीनदा सांगितलं.

"आधी भट्टी," वहिनी म्हणाल्या. "गरम पावाचा वास गल्लीच्या तोंडाशीच येतो. डोळे मिटून चाललात तरी पोचाल."

गल्लीचं तोंड आलं. वास आला नाही. आला तो ओल्या राखेचा, आणि त्यामागून कुणीतरी कुणाला तरी शिव्या घालत असल्याचा आवाज.

भट्टीवाला दारातल्या पायरीवर बसला होता. अंगावर राख, मिशीत राख. शिव्या तो कुणा माणसाला घालत नव्हता, भट्टीलाच घालत होता. पहाटे जाळ पूर्ण झाला, निखारे बाजूला ओढले, पहिला घाणा आत सरकवला आणि लांब दांड्याचं फावडं बाहेर काढताना भट्टीची जमीन मधोमध खचली. पाव राखेत गेले. उरलेलं पीठ आतल्या खोलीत लाकडी काथवटींत फुगत होतं आणि ते काही कुणासाठी थांबणार नव्हतं.

डॉक्टरांनी खिशातली विजेरी काढली, भट्टीच्या तोंडाशी वाकले आणि सवयीने म्हणाले, "आ करा."

"जावईबापू," सासूबाई म्हणाल्या, "भट्टी आहे ती."

डॉक्टर जराही लाजले नाहीत. "मधल्या विटा पार गेल्यात. कडेच्या शाबूत आहेत. पण या विटा इथल्या वाटत नाहीत. बाकीचं बांधकाम वेगळं दिसतंय."

भट्टीवाल्याने मान फिरवली. वहिनींना ते का, हे पक्कं ठाऊक होतं. त्या विटा कारखान्याच्या होत्या. त्याआधी पिढ्यान् पिढ्या या भट्टीच्या तळाला कुंभाराच्या भाजलेल्या लाद्या असायच्या. कुंभार म्हणजे कुणी परका नव्हे, भट्टीवाल्याचा सख्खा मेहुणा. भट्टीवाल्याची बायको, जिला अख्खी गल्ली ताईच म्हणायची, ती त्याची थोरली बहीण. काही वर्षांपूर्वी नव्याने बसवलेली एक लादी पहिल्याच जाळात तडकली. दुकानासमोर गिऱ्हाइकांची रांग होती. त्या रांगेदेखत भट्टीवाला मेहुण्याला म्हणाला, "तुझ्या बापाची ती माती होती. तुझा हा चिखल आहे." कुंभाराने हातातला चहाचा कप तसाच भरलेला खाली ठेवला आणि निघून गेला. तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद. भट्टीवाल्याने हट्टाने कारखान्याच्या विटा आणल्या, आणि ताई दोघांच्या मधे अडकून पडली. भाऊ तीन गल्ल्या पलीकडे राहत होता, तरी तिचं माहेर तुटल्यासारखं झालं होतं.

कंपनीच्या बाईंनी फोनवर घड्याळ बघितलं. "मग पुढच्या ठिकाणी जायचं का? इथे आज काही नाही, असं धरू."

"काही नाही कसं?" वहिनी म्हणाल्या. "इतकं पीठ आहे."

त्या आत गेल्या. ताई काथवटींसमोर कमरेवर हात ठेवून उभी होती. रडत नव्हती, पण रडायला बसली तर कुणी अडवणार नाही अशा बेताने उभी होती. पिठाचा गोळा काठाबाहेर यायला लागला होता.

"ताई, हे किती वेळ थांबेल?"

"थांबतंय कुठे. आत्ताच आंबूस वास सुटलाय."

तेवढ्यात सासूबाई पुढे झाल्या. त्यांनी बांगड्या कोपरापर्यंत चढवल्या, हात धुतले आणि कुणाला न विचारता पिठात मूठ हाणली. पीठ फुस्स करून खाली बसलं. "थोडा वेळ गप्प राहील आता," त्या म्हणाल्या. "पण याला निखारा दाखवा लवकर."

निखारा म्हटल्याबरोबर वहिनींच्या डोक्यात दिवा पेटला. "चला," त्या म्हणाल्या. "काथवटी उचला. आपण तांबटाकडे नंतर जाणार होतो, आता आधी जाऊ."

मग ती वरात निघाली. पुढे वहिनी, मागे डॉक्टर आणि कंपनीच्या बाई एका काथवटीची दोन टोकं धरून, त्यांच्या मागे ताई आणि सासूबाई दुसरी घेऊन. गल्लीतली माणसं खिडक्यांतून डोकावली. एका खिडकीतून कुणीतरी विचारलं, "वहिनी, आता पाण्याऐवजी पिठाचं मीटर वाचता की काय?" वहिनी चालता चालता म्हणाल्या, "तुझ्या घरी तर दोन्ही कमीच भरतं." वर हशा पिकला. कंपनीच्या बाईंना काथवट धरताना फोन खिशात ठेवावा लागला होता. वहिनींच्या ते लक्षात आलं.

तांबटाच्या अंगणात ठोकाठोक चालू होती. जन्मभर हातोड्याच्या आवाजात बसून त्याच्या कानांनी राजीनामा दिला होता, त्यामुळे तो सगळ्यांशी ओरडून बोलायचा आणि सगळ्यांना वाटायचं, हा भांडतोय. वहिनींनी हातवारे करून भट्टी खचल्याचं सांगितलं. पीठ दाखवलं. मग त्याच्या शेगडीकडे बोट दाखवलं. पत्रा मऊ करायला तिच्यात निखाऱ्यांचा ढीग धगधगत होता.

"पाव?" तांबट ओरडला. "माझ्या शेगडीवर?"

"का, विटाळ होईल?"

"अहो, गंमत होईल!" तो उठलाच. भिंतीला एक जाड लोखंडी तवा टेकवलेला होता, चार माणसं जेवायला बसतील एवढा. तो त्याने निखाऱ्यांवर टाकला. मग कोपऱ्यातून एक भलीमोठी तांब्याची कढई ओढत आणली. "ही उपडी घालायची वरून. वरतीही निखारे. झाली भट्टी."

ताईने कढईच्या आत हात फिरवला. "कलई?"

"व्हायचीय अजून. म्हणूनच ही घेतली. कलई असती तर वितळून तुमच्या पावावर गळली असती." एवढं बोलून तो डॉक्टरांकडे वळला आणि त्यांच्या हातात लांब चिमटा दिला. "तुम्ही! निखारे उचला!"

सासूबाई आणि ताईने गोळे वळले, चपटे केले, तव्यावर ठेवले. कढई उपडी झाली. कंपनीच्या बाई वाकून विचारायला लागल्या, पत्रा मऊ कशाला करायचा, ठोकून ठोकून तांबं कडक का होतं, कढईच्या तळाला इतके बारीक ठोके कशासाठी. तांबट ओरडून ओरडून उत्तरं देत होता आणि मधेच त्यांच्या हातात हातोडी देऊन, "इथे मारा, तिथे नको, तिथे मारलंत तर मी तुम्हाला मारीन," असं सांगत होता. बाईंनी मारलं. बरोबर जागी बसलं. त्या स्वतःशीच हसल्या.

एवढं मार्गी लागलं, पण ही तात्पुरती सोय होती. तव्यावर एका वेळी मावणार मोजकेच, आणि संध्याकाळच्या पावासाठी सगळी आळी भट्टीवर अवलंबून. गवंडी बोलवायचा तरी आधी लाद्या हव्यात. लाद्या कुठे आहेत ते वहिनींना माहीत होतं, ताईलाही माहीत होतं. ताईने वहिनींकडे बघितलं आणि परत पिठाकडे बघितलं.

"मी जाऊन येते," वहिनी म्हणाल्या.

"कुठे?" कंपनीच्या बाईंनी विचारलं.

"कुंभाराकडे. येता?"

कुंभाराचं अंगण तटाच्या भिंतीला लागून होतं. एका बाजूला चाक, दुसऱ्या बाजूला फळ्यांवर वाळत ठेवलेल्या कुंड्या, आणि भिंतीच्या सावलीत चौकोनी लाद्यांच्या उभ्या रांगा, प्रत्येक दोन लाद्यांमध्ये काडी घालून ठेवलेल्या. कुंभार फुटक्या भांड्यांचे तुकडे दगडाने चुरत बसला होता. हा चुरा मातीत मिसळला की लादी तापली तरी अंग आवळून तडकत नाही, हे त्याने कंपनीच्या बाईंना हौसेने समजावलं. पाहुणे आले की त्याची कळी खुलायची. मग त्याने वहिनींना विचारलं, "आज एकच पाहुणी? आणि इतक्या लवकर?"

वहिनींनी सांगून टाकलं. भट्टी खचली, पीठ तांबटाकडे, लाद्या हव्यात.

कुंभाराचा चेहरा मिटला. "गावोगावचे भट्टीवाले गाड्या भरून माझ्या लाद्या नेतात, वहिनी. माझ्याच बहिणीच्या भट्टीला तेवढा माझा चिखल चालला नाही."

"ते बोलणं चुकलंच त्यांचं."

"हे तुम्ही म्हणताय. ते म्हणतायत का?" त्याने दगड खाली ठेवला. "दाजींनी बोलावलं तर येईन. ताईसाठीसुद्धा असा जाणार नाही. मलाही नाक आहे."

वहिनींच्या आयुष्यात असा प्रसंग क्वचितच आला होता की, तोंडाने डोक्याची वाट बघितली नाही. तो त्या क्षणी आला. त्या म्हणाल्या, "अहो, त्यांनीच तर पाठवलंय मला. मेहुण्याला बोलवा म्हणाले."

कुंभार त्यांच्याकडे बघत राहिला. "दाजी म्हणाले? असं?"

"असंच."

कंपनीच्या बाईंच्या भुवया वर गेल्या. कुंभार उठला, हात झटकले आणि घाईघाईने हातगाडीवर पेंढा पसरायला लागला. लाद्या एकेक करून निवडताना तो प्रत्येक लादी बोटाच्या टोकाने वाजवत होता. खणखणीत वाजली की गाडीवर, जरा बद्द वाजली की परत भिंतीला. शीळ घालत होता. खोटं बोलणं सोपं होतं. ते इतक्या आनंदाने गाडीत भरलं जाताना बघणं सोपं नव्हतं.

रस्त्यात कंपनीच्या बाई हळूच म्हणाल्या, "त्यांनी असं काही म्हटल्याचं मला आठवत नाही."

"मलाही नाही आठवत," वहिनी म्हणाल्या. "बघू. निभावून नेऊ."

निभावलं नाही. हातगाडी भट्टीसमोर थांबली तेव्हा भट्टीवाला अजून पायरीवरच होता. मेहुण्याला बघून तो ताडकन उभा राहिला.

"याला कुणी बोलावलं?"

कुंभाराने गाडीचे दांडे धरलेले होते. "तुम्हीच."

"मी?"

दोघांनीही एकदम वहिनींकडे बघितलं. गल्लीतल्या खिडक्यांनीही बघितलं. पळवाट शोधली असती तर सापडली असती, बोलण्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं. पण कुंभाराच्या चेहऱ्याकडे बघून त्यांना ती शोधावीशी वाटली नाही.

"मी खोटं बोलले," त्या म्हणाल्या. "भट्टीवाल्यांनी बोलावलं नाही. मी पदरचं घालून सांगितलं. चूक माझी आहे, यांची नाही आणि तुमचीही नाही. मला माफ करा, कुंभारदादा."

कुंभार रागावला नाही. रागावला असता तर बरं झालं असतं. त्याने मान खाली घातली, दांडे उचलले आणि गाडी फिरवायला लागला.

तेवढ्यात तांबटाकडून ताई परत आली. कोपरापर्यंत पिठाने माखलेली, हातात फडक्याखाली पावांची टोपली. मागे डॉक्टर आणि सासूबाई. तिने भावाला पाहिलं, गाडी पाहिली, नवऱ्याचा चेहरा पाहिला. काय झालं असेल ते तिला कुणी सांगावं लागलं नाही. तिने टोपली डॉक्टरांच्या हातात दिली, पुढे झाली आणि पदर खोचून सरळ हातगाडीवर, लाद्यांच्या वर, पेंढ्यात जाऊन बसली.

"ने," ती भावाला म्हणाली.

"ताई, उतर."

"गाडी न्यायचीय ना तुला? मला घेऊन ने. इतक्या वर्षांत माहेरी बोलावलं नाहीस, आज आयती गाडी आलीय."

"अगं, उतर खाली!" भट्टीवाला ओरडला. "लाद्या फुटतील!"

"माझ्या लाद्या फुटत नाहीत," कुंभार तिथूनच म्हणाला. रागानेच म्हणाला, पण दाजींशी थेट बोललेलं हे त्याचं दुसरं वाक्य होतं आणि त्याच्या ते लक्षात आलं. भट्टीवाल्याच्याही आलं.

"फुटली होती एक," भट्टीवाला म्हणाला.

"पहिल्याच दिवशी तुम्ही सगळा जाळ एकदम घातलात. मी सांगून गेलो होतो, नवी लादी हळूहळू तापवा म्हणून."

"दारात रांग होती!"

"मग रांगेला सांगायचं होतं थांबायला!"

"अहो, मला इथे पेंढा टोचतोय," ताई म्हणाली. "लवकर ठरवा."

गल्लीत कुणीतरी खुसकन हसलं. डॉक्टर तोंडात पाव घालायला निघाले होते, ते तसेच थांबले. भट्टीवाल्याने मिशीतली राख पुसली. एवढा मोठा माणूस, पण शब्द शोधताना तो पाढा विसरलेल्या पोरासारखा दिसत होता.

"घाई झाली होती माझी तेव्हा," तो शेवटी म्हणाला. पुन्हा एकदा मिशी पुसली. मग, "आणि ते चिखलाचं… ते बोलायला नको होतं मी. लोकांदेखत तर मुळीच नको होतं."

"आत्ताही लोक आहेत," ताई म्हणाली.

"म्हणून तर आत्ता बोलतोय!"

कुंभाराने दांडे खाली ठेवले. बहिणीला हाताला धरून गाडीवरून उतरवलं. मग भट्टीच्या तोंडाशी जाऊन आत हात घालून उष्णता बघितली आणि कुणाकडेच न बघता म्हणाला, "पोती भिजवून आणा. एकट्याचं काम नाही हे. आतून एकाने धरायचं, बाहेरून एकाने सरकवायचं."

भट्टीवाला पोती भिजवायला गेला.

त्यानंतरचं सगळं वहिनींनी दारातल्या फळीवर बसून बघितलं. खचलेल्या विटा बाहेर निघाल्या. वाळू चाळून अंथरली, फळीने सपाट केली. भिजलेलं पोतं दंडाला गुंडाळून कुंभार खांद्यापर्यंत भट्टीत शिरत होता; भट्टीवाला विजेरी धरून सांगत होता, "डावीकडे. अजून. तुझ्या डावीकडे रे, माझ्या नव्हे." विजेरी डॉक्टरांची होती. त्यांना ती धरायची फार इच्छा होती, पण भट्टीवाल्याने सोडली नाही. प्रत्येक लादी बसली की कुंभार तिच्यावर ठोका मारायचा आणि दोघंही कान देऊन ऐकायचे. एक लादी काठावर मावेना, तेव्हा कुंभाराने तासणीने तिचा कोपरा असा उडवला, की कंपनीच्या बाईंनी पुन्हा एकदा दाखवा म्हणून सांगितलं. तो म्हणाला, "पुन्हा उडवला तर लादी उरणार नाही, बाई."

मधल्या वेळात सगळ्यांनी तांबटाकडचे पाव खाल्ले. एका बाजूने करपलेले, दुसऱ्या बाजूने फिकट, आकाराने कुणाचे कुणाशी न जुळणारे. बाहेरून कडक आणि आतून ओलसर मऊ, त्यात सासूबाईंनी पिशवीतून आणलेलं लोणी. डॉक्टरांनी किती खाल्ले ते सासूबाईंनी मोजायला सुरुवात केली होती, मग सोडून दिलं. तांबट स्वतः बघायला आला आणि आपल्या शेगडीचे पाव खाऊन इतक्या मोठ्याने "वा!" म्हणाला, की समोरच्या छपरावरची कबुतरं उडाली.

शेवटची लादी बसली. भट्टीवाला हात पुसत उभा राहिला. लाकडं रचायला लागला आणि मधेच थांबला.

"किती वेळ तापवू?" त्याने विचारलं.

कुंभार चूळ भरत होता. त्याने पाणी थुंकलं, तोंड पुसलं. "आधी नुसता दाराशी जाळ. तासभर. मग हळूहळू आत सरकवा. मी बसतो इथे."

"बस की," भट्टीवाला म्हणाला. "अगं, चहा टाक."

"तुम्हीच टाका," ताई आतून म्हणाली. "माझे हात पिठात आहेत."

दुपार कलल्यावर नव्या तळावरचा पहिला घाणा बाहेर आला. फेरी कधीच संपायला हवी होती. एकही पाहुणा गेला नव्हता. डॉक्टरांच्या बायकोचे दोन फोन येऊन गेले होते, आणि दोन्ही वेळा डॉक्टरांनी "आईंना अजून निघायचं नाहीये" असं सांगितलं होतं. कुंभाराने पहिला पाव फोडून तळ बघितला, एकसारखा तपकिरी. तो तुकडा त्याने बहिणीला दिला. दुसरा दाजींकडे केला. भट्टीवाल्याने तो चावला आणि म्हणाला, "मीठ कमी झालंय." "ते तुमचं पीठ आहे," कुंभार म्हणाला, "माझ्यावर ढकलू नका."

कंपनीच्या बाई वहिनींच्या शेजारी फळीवर येऊन बसल्या. त्यांच्या बुटांवर राख होती, बाहीवर पीठ होतं.

"आमचे प्रवासी पाठवायला आवडेल मला," त्या म्हणाल्या. "पण एक प्रश्न आहे. आमच्याकडे सगळं ठरलेलं लागतं. कुठे किती वेळ, काय बघायचं, काय खायचं. आजच्यासारखं रोज होईल का?"

"रोज भट्टी खचवू?"

बाई हसल्या. "म्हणजे, अशी माणसं, असं काम."

"माणसं रोज आहेत. काम रोज आहे. पण पीठ घड्याळ बघून फुगत नाही, आणि तांबट तुमच्या गटासाठी उगाच ठोकून दाखवणार नाही. त्याचं खरंच काही ठोकायचं असेल तेव्हाच ठोकेल. नसेल तर तो चहा पीत असेल, तेही बघण्यासारखं असतं." वहिनी सरळ बसल्या. "थोडे लोक पाठवा. एका ओसरीवर मावतील तेवढेच. पिठात हात घालायची तयारी असलेले. झेंडा घेऊन पुढे चालायला मी येणार नाही. जमत असेल तर बघा, नाहीतर आपली ओळख झाली, तीही काही वाईट नाही."

बाईंनी थोडा विचार केला. "जमवते. वरच्यांना पटवावं लागेल, पण जमवते." मग त्या म्हणाल्या, "तुम्ही त्या कुंभारांशी खोटं बोललात ते मला आवडलं नव्हतं."

"मलाही नाही आवडलं," वहिनी म्हणाल्या. "त्याची शीळ ऐकवेना मला."

संध्याकाळची गिऱ्हाइकं यायला लागली. गल्लीत रांग लागली आणि ती वळणापलीकडे गेली, कारण सकाळचा तमाशा सगळ्या आळीला कळला होता आणि पावाइतकाच तो ऐकायलाही लोक आले होते. भट्टीवाला फावड्याने पाव बाहेर काढत होता, कुंभार ते टोपलीत लावत होता. दोघांचे हात एकमेकांत अडकत होते आणि दोघंही एकमेकांवर खेकसत होते.

सासूबाईंनी ताईकडून आंबवलेल्या पिठाचा एक गोळा डब्यात घालून घेतला. घरी जाऊन त्याला रोज कसं खाऊ घालायचं ते विचारून घेतलं. डॉक्टरांनी तो डबा दोन्ही हातांनी छातीशी धरला.

वहिनींनी सगळ्यांना वेशीपर्यंत सोडायचं म्हटलं, तर कंपनीच्या बाई म्हणाल्या, "मला वाट कळलीय आता. तुम्ही थांबा." ती तिघं वळणावरून दिसेनाशी झाली, तसा कुंभार हात पुसत वहिनींजवळ आला. त्याचा सकाळचा राग गेला होता की अजून थोडा उरला होता, ते चेहऱ्यावरून कळत नव्हतं.

"वहिनी," तो म्हणाला, "पुन्हा खोटं बोललात तर माझ्या अंगणात पाय ठेवायचा नाही."

"नाही बोलणार."

"आणि पुढच्या फेरीला सकाळी लवकर आणा लोकांना. त्या दिवशी भाजलेल्या भांड्यांचा आवा उघडायचाय. गरम भांडी बाहेर निघताना टणटण वाजतात. ते ऐकण्यासारखं असतं."

"ताईलाही आणू?"

कुंभाराने मागे वळून बघितलं. ताई रांगेतल्या बायकांना काहीतरी सांगत होती, बहुतेक हातगाडीचीच गोष्ट, कारण दोन्ही हातांनी ती लाद्यांवर बसल्याचं दाखवत होती आणि बायका हसून लोळायच्या बेतात होत्या.

"तिला आणायला मीच येईन," तो म्हणाला, आणि टोपली भरायला परत गेला.